नऊ महाळुंगं, सात कवठं

इसवी सन ८५० च्या सुमारास महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रह’ लिहिला. तेव्हा गादीवर राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष होता. वेरूळचं कैलास लेणं ज्या घराण्याने खोदवलं, तेच हे घराणं. त्या ग्रंथात बाजारातलं एक गणित आहे. नऊ महाळुंगं आणि सात कवठं यांची मिळून किंमत १०७, सात महाळुंगं आणि नऊ कवठं यांची १०१. तर एकेका फळाचा दर काय?

कवठ महाशिवरात्रीला आपल्या घरी येतंच. महाळुंग आता सहसा दिसत नाही, पण कोल्हापूरच्या अंबाबाईच्या हातात ते आहे. दहावीच्या बीजगणितात ‘एकसामयिक समीकरणे’ म्हणून जे शिकवतात, ते हेच.

‘क्ष’ म्हणजे फळ नव्हे

मुलं वहीत पहिली ओळ लिहितात, ‘समजा क्ष = महाळुंग’, आणि तिथेच घसरतात. महाळुंगं नऊ आहेत हे गणितानेच सांगितलंय. माहीत नाही तो दर. म्हणून ओळ अशी हवी: एका महाळुंगाची किंमत क्ष मानू आणि एका कवठाची य. आता ९क्ष म्हणजे नऊ महाळुंगांचे पैसे आणि ७य म्हणजे सात कवठांचे पैसे. महाळुंगात कवठ मिळवता येत नाही, पैशांत पैसे मिळवता येतात.

९क्ष + ७य = १०७
७क्ष + ९य = १०१

भास्कराचार्यांनी ११५० मध्ये ‘बीजगणित’ लिहिलं, त्यात पहिल्या अज्ञाताला ‘यावत्तावत्’ म्हटलंय, म्हणजे जितकं असेल तितकं. पुढच्या अज्ञातांना रंगांची नावं आहेत: कालक, नीलक, पीतक. फळाचं नाव अज्ञाताला न देण्यात मोठा शहाणपणा आहे, असं मला नेहमी वाटतं.

एका ओळीवर का भागत नाही

फक्त पहिलं समीकरण घेऊन बघा. महाळुंग ८ आणि कवठ ५ धरलं तर ७२ + ३५ = १०७. पण महाळुंग १ आणि कवठ १४ धरलं तरी ९ + ९८ = १०७ च होतात! दर पूर्णांकांत असले तरी दोन उत्तरं, आणि अपूर्णांक चालत असतील तर मोजदादच नाही. यातलं खरं कोणतं, हे दुसरी खरेदी ठरवते. १ आणि १४ हे दर तिथे घातले तर १०१ ऐवजी १३३ येतात.

दोन्ही ढीग एकत्र

आता चिन्हं बाजूला ठेवा आणि फळांचे दोन ढीग डोळ्यांसमोर आणा. ते एकत्र केले तर १६ महाळुंगं, १६ कवठं आणि २०८ पैसे. म्हणजे एका जोडीला १३. पुन्हा वेगळे करून शेजारी ठेवा. पहिल्यात दोन महाळुंगं जास्त, दोन कवठं कमी, आणि फरक ६ चा. म्हणजे एक कवठ देऊन त्याच्या बदल्यात महाळुंग घेतलं तर ३ जास्त पडतात. जोडी १३ ची, फरक ३ चा: महाळुंग ८, कवठ ५. ताळा दुसऱ्या ढिगावर करू: ५६ + ४५ = १०१.

फळांचे आकडे इथे उलटसुलट आहेत, म्हणून बेरीज-वजाबाकीनेच काम झालं. असं गणित समोर आलं की लगेच गुणाकार करत सुटू नये, आधी आकड्यांकडे नीट बघावं.

यादी दोनदा घ्या

आकडे असे सोयीचे नसतील तर? ३ वह्या आणि २ पेनं १९० रुपयांना, ५ वह्या आणि ४ पेनं ३३० रुपयांना. पहिली यादी दोनदा घेतली असती तर ६ वह्या, ४ पेनं आणि ३८० रुपये. ‘समीकरणाला २ ने गुणणे’ म्हणजे एवढंच. आता दोन्हींकडे पेनं चार-चार आहेत, तेव्हा ५० रुपयांचा फरक एका वहीचाच. वही ५०, म्हणून पेन २०. पुस्तकात याला चलाचा लोप म्हणतात. गुणताना उजवीकडचे १९० तसेच ठेवणं ही सगळ्यात नेहमीची चूक. यादी दोनदा घेतली तर पैसेही दोनदाच द्यावे लागतात, हे लक्षात ठेवलं की ती होत नाही.

बिलं दोन, माहिती एकच

२ वडापाव आणि १ चहा ५० रुपये. ४ वडापाव आणि २ चहा १०० रुपये. दुसरं बिल म्हणजे पहिलंच दुप्पट, नवं काहीच कळलं नाही. लोप करायला गेलं की ० = ० उरतं आणि आलेखावर एकच रेषा दोनदा येते. दुसरं बिल १०५ चं असेल तर ० = ५ असं अशक्य काहीतरी हाती येतं आणि रेषा समांतर जातात. दोन्ही वेळी दर तोच होता, हे अशा गणितांत न सांगता गृहीत धरलेलं असतं. इथे तेच मोडलं, किंवा कुणी मोजण्यात चुकलं. परीक्षेत असं समीकरण आलं तर घाबरून आकडे बदलू नयेत. ‘उकल नाही’ एवढं लिहावं आणि खाली ० = ५ ची पायरी दाखवावी.