पोटखराब्यातला वारसा

सप्टेंबर २०२५मध्ये पाचगणी-महाबळेश्वरचे लाव्हाथर युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेले आणि घाटमाथ्यावरच्या दगडाला एकदम भाव आला. बातमी सगळ्यांनी वाचली. पण टेबललँडवर घोड्यावरून रपेट मारताना टापेखाली जो तांबूस, भोकाभोकांचा थर वाजतो, तो काळा बेसॉल्ट नव्हेच, तो जांभा. बेसॉल्टच्या डोक्यावर बसलेली टोपी. हाच जांभा हजार-बाराशे मीटर खाली, रत्नागिरीत भेटतो, तेव्हा त्याला कुणी टेबललँड म्हणत नाही. त्याला सडा म्हणतात आणि सातबाऱ्यावर त्याची नोंद बहुतेक वेळा एकाच शब्दात होते: पोटखराब.

गंमत अशी, की हा खालचा जांभा त्याच यादीत २०२२पासूनच आहे. कोकणातल्या कातळशिल्पांच्या, म्हणजे सड्यावर कोरलेल्या चित्रांच्या, नऊ ठिकाणांपैकी सात रत्नागिरी जिल्ह्यात आहेत: उक्षी, जांभरुण, कशेळी, रुंढे तळी, देवीहसोळ, बारसू आणि देवाचे गोठणे. आठवं सिंधुदुर्गातलं कुडोपी, नववं गोव्यातलं फणसायमाळ. म्हणजे वरच्या भावाच्या तीन वर्षं आधी धाकटा रांगेत उभा आहे. गाजावाजा मात्र वरच्याचा.

चोथा म्हणावा असा दगड

जांभा समजून घ्यायचा तर स्वयंपाकघरात जावं. चहा गाळला की रंग, चव, साखर सगळं खाली उतरतं आणि गाळण्यात उरतो तो चोथा. बेसॉल्टचं तेच झालं. सहा-साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थरावर थर साचलेल्या लाव्ह्याचा हा खडक पुढे उष्ण, दमट हवेत लाखो वर्षं पावसात भिजत राहिला. त्यातली सिलिका, कॅल्शियम, मॅग्नेशियम, सोडियम पाण्याबरोबर निघून गेली. न विरघळणारं लोह आणि ॲल्युमिनियम मागे राहिलं. लोहाला गंज चढला, म्हणून रंग तांबडा. जिथे ॲल्युमिनियमचं पारडं जड झालं, तिथे तोच चोथा बॉक्साइट म्हणून विकला जातो. दापोली-मंडणगड पट्ट्यात त्याच्या खाणी निघाल्या त्या यामुळे.

इंग्रजी पुस्तकांत या दगडाचं बारसं १८०७ सालचं. फ्रान्सिस बुकाननने केरळात अंगाडिपुरमला लोक हा दगड विटेसारखा कापताना पाहिले आणि लॅटिनमधल्या विटेच्या शब्दावरून त्याला ‘लॅटराइट’ म्हटलं. आपल्या गवंड्यांना लॅटिनची गरज नव्हती. त्यांच्याकडे ‘चिरा’ होता. खाणीतून नुकता काढलेला चिरा हत्याराला दाद देतो, हवेवर राहिला की कडक होतो, कारण ओलावा जाताना त्यातली लोहाची संयुगं घट्ट बांधली जातात. कोकणातली घरं, गडगे, विहिरी आणि देवळांचे चौथरे या एका गुणावर उभे आहेत.

आता अभ्यासकांमधला जुना वाद. वरचा जांभा आणि खालचा जांभा एकच का? एक पक्ष म्हणायचा, मूळ पठार एकच होतं. पश्चिमेचा भाग खचला आणि जांभ्यासकट खाली आला. दुसरा म्हणतो, सह्याद्रीचा कडा झिजत झिजत पूर्वेकडे मागे सरकला आणि त्याच्या पायथ्याशी उघड्या पडलेल्या सपाटीवर नवा जांभा स्वतंत्रपणे तयार झाला. ब्रिटिश भूशास्त्रज्ञ माइक विडोसन यांनी याच पट्ट्यात काम करून दुसऱ्या बाजूला वजन दिलं. मला हीच बाजू पटते, आणि त्यात थोडा स्थानिक अभिमानही आहे: रत्नागिरीचा सडा म्हणजे पाचगणीचा पडलेला तुकडा नव्हे, तो स्वतःच्या पावसात वाढला आहे.

गावाच्या टाकीवरचं झाकण

‘पोटखराब’ म्हणजे एखाद्या गटातला नापीक भाग. महसुलात त्याचे दोन वर्ग आहेत: ‘अ’ म्हणजे खडक, खाणी यांसारखी लागवडीला अयोग्य जमीन, ‘ब’ म्हणजे रस्ते, नाले अशा सार्वजनिक उपयोगाची. २०१८मध्ये शासनाने ‘अ’ वर्गातली जी जमीन शेतकऱ्याने कष्टाने कसायला घेतली, ती लागवडीलायक म्हणून नोंदवायची वाट मोकळी केली. शेतकऱ्याच्या दृष्टीने रास्तच. पण त्यातून निघणारा अर्थही पाहा: खराब्याला बढती मिळते ती फोडल्यावर. आहे तसा ठेवला, तर तो खराबच.

सड्याचं काम न फोडता चालतं. तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडणाऱ्या जिल्ह्यात एप्रिल-मेमध्ये टँकर का फिरतात, याचं निम्मं उत्तर जांभ्यात आहे. वरचं कवच कठीण, पण भेगा-भोकांनी पोखरलेलं. त्यातून मुरलेलं पाणी खालच्या चिकट मातीच्या थराशी अडतं आणि आडवं सरकत सड्याच्या कडेला झऱ्यांतून बाहेर पडतं. म्हणून कोकणातलं गाव सड्यावर नसतं, सड्याच्या कुशीत असतं. विहीर, पऱ्या, माडा-पोफळीचं आगर, सगळं त्या कडेच्या ओलीवर. सडा हे गावाच्या टाकीवरचं झाकण आहे. सुरुंग लावून कलमांसाठी खड्डे काढा, यंत्राने चिरे कापून सलग खाण पाडा; झाकणाला भोक पडणारच. हापूसला २०१८मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, त्याचं कौतुक मलाही आहे. पण कातळावरच्या प्रत्येक नव्या बागेबरोबर खालच्या विहिरीचाही हिशेब मांडायला हवा.

आणि ‘नापीक’ म्हणावं तर पावसाळ्यात जाऊन पाहावं. पहिल्या सरींनंतर दीपकाडीची पांढरी फुलं, मग गेंद, मग सीतेच्या आसवांचा निळा-जांभळा गालिचा. सीतेची आसवं ही कीटकभक्षी वनस्पती. बोटभर मातीत नत्र मिळत नाही, म्हणून बारीक जीव पकडून पोट भरते. गेंदाच्या एका जातीच्या शास्त्रीय नावात तर चक्क रत्नागिरी आहे. कास पठारावर फुलं पाहायला तिकीट काढावं लागतं; इथे त्याच मोसमात सड्यावर माणूस दिसला तर तो गुराखी असतो.

पक्षी बघता बघता

कातळशिल्पांची गोष्ट सरकारी मोहिमेतून सुरू झाली नाही. सुधीर रिसबूड हे अभियंता, पण पक्षी बघत भटकणारे हाडाचे निसर्गवेडे. त्यांनी धनंजय मराठे आणि भूगोलाचे प्राध्यापक डॉ. सुरेंद्र ठाकूरदेसाई यांच्यासह गावोगाव फिरून, गुराख्यांना आणि म्हाताऱ्या माणसांना विचारून सडे पायाखाली घातले. गावांना चित्रं ठाऊक होतीच, ‘पांडवांनी काढलेली’ म्हणून. कुडोपीला तर त्या जागेचं नावच बावल्यांचं टेंब. ठाऊक नव्हतं ते शहरांना. आज नोंदलेल्या चित्रांची संख्या हजाराच्या पुढे गेली आहे. माझ्या मते या साऱ्या प्रकरणातला सर्वांत मोठा शोध चित्रांचा नाहीच, पद्धतीचा आहे: आधी गावाला विचारा.

कशेळीचा हत्ती सुमारे अठरा मीटर लांब. त्याच्या रेषेच्या आत मासे, पाकट, इतर प्राणी दाटीने कोरलेले. जमिनीवर उभं राहून तो पुरता दिसतच नाही. काढणाऱ्याने तो कुठून पाहिला असेल, हा प्रश्न पाय निघेपर्यंत सोबत राहतो. काही ठिकाणी गेंडा आहे, जो आज कोकणात नाही. शेतीचं चित्र नाही, म्हणून पुरातत्त्वज्ञ ही चित्रं शिकार आणि मासेमारीवर जगणाऱ्या माणसांशी जोडतात. नेमक्या वयाबद्दल मतभेद आहेत, आणि कुणी छातीठोकपणे आकडा सांगितला तर जरा सावध राहावं. दगडावरची रेघ स्वतःची तारीख सांगत नाही. इतकं मात्र दगडाकडूनच कळतं: काळ्या बेसॉल्टवर असा हत्ती कोरायला कितीतरी जास्त कष्ट पडले असते. जांभ्याने गारगोटीलाही दाद दिली.

देवाचे गोठण्याला होकायंत्र खिशात न्या. आडव्या पडलेल्या मनुष्याकृतीवर धरलं की सुई भरकटते. चमत्कार शोधणारे शोधोत. जांभ्यात लोह आहे आणि त्यातली काही खनिजं चुंबकीय असतात, हे विसरू नये. तरी नेमक्या याच जागी चित्र का, हा प्रश्न उरतोच, आणि तो मला आवडतो.

बारसूच्या सड्यावर दोन वाघांच्या मधे उभा माणूस कोरला आहे. एप्रिल २०२३मध्ये त्याच परिसरात रिफायनरीसाठी माती परीक्षण सुरू झालं, गावकरी आडवे आले, पोलीस आले. प्रकल्प हवा की नको, यावर घरोघरी दोन मतं आहेत. पण ‘तिथे आहे काय, नुसता कातळ!’ हे वाक्य दोन्ही बाजूंच्या तोंडी मी ऐकलं. तेच पोटखराब, बोलीभाषेत.

जायचं तर

चित्रं पाहायला गवत वाळल्यावर, नोव्हेंबरनंतर जावं. सकाळी लवकर किंवा उन्हं कलताना, म्हणजे तिरप्या उजेडात रेघा उठून दिसतात. चित्रावर पाय देऊ नये, खडूने रेघा गिरवू नयेत. कशेळीला कनकादित्याचं दर्शन होतं, देवीहसोळला आर्यादुर्गेचं. रत्नागिरी शहरात काळा समुद्र आणि पांढरा समुद्र एकाच फेरीत पाहता येतात. काळ्या वाळूत इल्मेनाइट आहे, लोह-टायटॅनियमचं खनिज, सह्याद्रीच्या बेसॉल्टमधून सुटून आलेलं. तुरळ-राजवाडीची, उन्हवऱ्याची, राजापूरजवळच्या उन्हाळे गावाची गरम कुंडं ज्वालामुखीमुळे तापत नाहीत. पावसाचं पाणी भेगांतून खोल जातं, तापतं, परत येतं. आणि आंबा घाट चढताना मोबाइल बाजूला ठेवून दरडीकडे पाहा: लाव्ह्याचे थर एकावर एक, लिहून काढल्यासारखे.

यादीत कायमचं नाव लागायला पॅरिसच्या दारात अजून किती वर्षं उभं राहावं लागेल, कोण जाणे. तेवढं थांबायची गरज नाही. शासनाने २०२४मध्ये तलाठ्याचं नाव बदलून ग्राम महसूल अधिकारी केलं. मनात आलं तर नाव बदलतं. त्याच अधिकाऱ्याच्या वहीत सड्यासाठी ‘पोटखराब’शिवाय एखादा रकाना काढता येईल का?