आईचा पगार ठरतो, पण ती गेल्यावर

लेखमाला : सांभाळणारे हात / लेखांक ६

‘घरकामाला वेतन द्या’ या मागणीचा जन्म कसा झाला ते गेल्या आठवड्यात पाहिलं. १९७२ मध्ये मारिआरोझा दाल्ला कोस्ता आणि सेल्मा जेम्स यांनी ती मांडणी केली आणि १९७५ मध्ये सिल्विया फेदेरिची यांच्या पुस्तिकेनं तिला धार आणली. या बायकांना तेव्हा जो प्रश्न विचारला गेला, तोच आजही विचारला जातो. आईच्या कामाची किंमत करणार कोण, आणि करणार कशी? प्रश्न विचारणाऱ्याचा सूर असा असतो की त्याला उत्तर नकोच असतं. आईचं प्रेम अमोल आहे एवढं म्हणून त्याला उठायचं असतं.

उत्तर मात्र आहे. आईच्या कामाची किंमत आपल्याकडे रोज ठरते, रुपयांत आणि सहीशिक्क्यानिशी. ती ठरते जिल्हा न्यायालयाच्या आवारात, मोटार अपघात दावा न्यायाधिकरणासमोर. त्यासाठी ती बाई अपघातात मेलेली किंवा कायमची जायबंदी झालेली असावी लागते.

दाव्याचं गणित तसं सरळ असतं. कमावता पुरुष गेला तर पगाराची स्लिप नाहीतर आयकराचं विवरणपत्र जोडायचं, त्याच्या स्वतःच्या खर्चाचा वाटा वजा करायचा, आणि वर्षाला जे उरेल त्याला वयानुसार ठरलेल्या गुणकानं गुणायचं. गृहिणीच्या दाव्यात पहिल्याच रकान्याशी गाडी अडते. उत्पन्न काय लिहायचं? मग एक ‘मानीव’ आकडा धरायचा. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याला १९९४ मध्ये जे दुसरं परिशिष्ट जोडलं गेलं, त्यानं हा आकडा तयारच करून दिला होता. ज्याला कमाई नाही त्याचं उत्पन्न वर्षाला १५,००० रुपये धरावं. कमाई नसलेला जोडीदार गेला, तर मागे राहिलेल्या कमावत्या जोडीदाराच्या उत्पन्नाच्या एक तृतीयांश धरावं. हे आकडे पुढची दोन दशकं आणि वर काही वर्षं कायद्याच्या पुस्तकात तसेच होते.

या एक तृतीयांशाकडे जरा निरखून पाहायला हवं. बाई किती राबत होती, पोरं किती होती, सासू अंथरुणाला खिळलेली होती का, पाणी नळाला येत होतं की हापशावरून आणावं लागत होतं, यातलं काहीच इथं विचारलं जात नाही. विचारला जातो तो नवऱ्याचा पगार. म्हणजे बँक मॅनेजरच्या बायकोनं केलेली भाकरी महाग आणि बिगाऱ्याच्या बायकोनं थापलेली स्वस्त. वास्तविक बिगाऱ्याच्या घरी गॅस असेल-नसेल, कष्ट दुप्पट. पण मोजायला बसलेल्याची नजर चुलीपर्यंत पोचतच नाही.

न्यायालयांनी या गणिताशी झटापट केली, हेही मान्य केलं पाहिजे. ३ मार्च १९८९ रोजी जमशेदपूरला टाटा स्टीलच्या संस्थापक दिनाच्या समारंभात मांडवाला आग लागली. साठ माणसं गेली, त्यांत बहुसंख्य बायका आणि मुलं. भरपाई ठरवण्याचं काम सर्वोच्च न्यायालयानं निवृत्त सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्याकडे सोपवलं. त्यांनी गृहिणींच्या सेवेचं जे मोल धरलं, ते न्यायालयाला २००१ मध्ये अपुरं वाटलं. ३४ ते ५९ वयाच्या गृहिणींसाठी ते महिन्याला ३,००० रुपये करण्यात आलं. ६२ ते ७२ वयाच्या बायकांसाठी वर्षाला २०,०००. पुढे कितीतरी वर्षं हा ३,००० चा आकडा देशभरच्या न्यायाधिकरणांत फिरत राहिला, जणू काही आईपणाचा तो सरकारी दर. साठी ओलांडलेल्या बाईचा दर पाहा. वर्षाला ३६,००० वरून ती २०,००० वर आली. तिच्याकडे आपण शेवटी पुन्हा येऊ.

२०१० च्या एका निकालात न्यायमूर्ती गांगुली यांनी याहून मुळाशी हात घातला. २००१ च्या जनगणनेत सुमारे ३६ कोटी बायकांना ‘काम न करणाऱ्या’ गटात टाकलं होतं, आणि त्याच गटात भिकारी, वेश्या आणि कैदीही होते. ही निव्वळ असंवेदनशीलता आहे, असं त्यांनी नोंदवलं. त्याच निकालात १९७६ च्या एका इंग्लिश खटल्याचा आधार आहे. त्यात न्यायमूर्ती वॉटकिन्स यांचं म्हणणं असं होतं की, आईच्या सेवेची तुलना पगारी घरकामवालीशी करून भागणार नाही, कारण पगारी बाई ठरल्या तासांना येते आणि जाते. आईच्या कामाला तास नसतात.

‘तास नसतात’ हे वाक्य भावुक वाटेल, पण ते फार नेमकं आहे. आपल्या राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयानं २०१९ मध्ये देशभर वेळेच्या वापराचं सर्वेक्षण केलं. पहाटे चारपासून दुसऱ्या दिवशी पहाटे चारपर्यंतचा दिवस अर्ध्या-अर्ध्या तासाच्या तुकड्यांत पाडायचा आणि प्रत्येक तुकड्यात माणूस काय करत होतं ते लिहून घ्यायचं. आता दुपारी दोन ते अडीचचा एक तुकडा घ्या. गॅसवर दूध आहे. आतल्या खोलीत तापानं फणफणलेलं पोर नुकतंच झोपलंय. हातात उद्याच्या भाजीसाठी निवडायला घेतलेली मेथी. मेथी निवडणं लिहून होईल. दुधाकडे डोळा ठेवणंही एखादा चौकस प्रगणक लिहील. पण पोराचा श्वास नीट चालू आहे ना, यासाठी आतल्या खोलीकडे लागलेला कान? तो कुठल्या रकान्यात? सांभाळण्याचं बरंचसं काम काही ‘करण्यात’ नसतं, हजर असण्यात असतं. आणि हजेरीसाठी गिरणीत पैसे मिळतात, घरात नाही.

एवढं निसटूनही आकडे बोलके आले. घरच्या माणसांसाठी विनामोल घरकाम करणाऱ्या बायका त्यासाठी दिवसाला सरासरी २९९ मिनिटं देत होत्या, पुरुष ९७. बाळगोपाळ, म्हातारे, आजारी यांची काळजी घेणाऱ्यांत बायकांची १३४ मिनिटं, पुरुषांची ७६. हे आकडे वर्तमानपत्रांत आले तेव्हा एक बारकी गोष्ट बहुतेकांच्या नजरेतून सुटली. ही सरासरी काम करणाऱ्यांचीच आहे. घरकामात त्या दिवशी हात लावलेले पुरुष होते शंभरात साधारण सव्वीस; बायका एक्क्याऐंशी. उरलेल्या चौऱ्याहत्तर पुरुषांचं शून्य त्या ९७ मध्ये मिसळलेलंच नाही. मिसळलं तर मिनिटं पंचवीसच्या आसपास येतात. २०२४ च्या सर्वेक्षणात १५ ते ५९ वयाच्या बायकांचं घरकाम ३१५ वरून ३०५ मिनिटांवर आलं. पाच वर्षांत दहा मिनिटं. या वेगाबद्दल टाळ्या वाजवाव्यात का, हे ज्याचं त्यानं ठरवावं.

२०१९ ची ही आकडेवारी सर्वोच्च न्यायालयाच्या ५ जानेवारी २०२१ च्या निकालात शब्दशः उतरली. दिल्लीत मोटारसायकलवरून जाणारं एक जोडपं अपघातात गेलं होतं, मागे दोन चिमुरड्या मुली. न्यायमूर्ती रमणा यांनी स्वतंत्र निकालपत्र लिहिलं आणि गृहिणीचं मानीव उत्पन्न काढण्याच्या तीन पद्धती सांगितल्या. सगळा वाद या तीन पद्धतींत दडलाय.

पहिली : ती घरी बसली नसती तर बाहेर काय कमावलं असतं? हे गमावलेल्या संधीचं मोल. इंजिनीअर होऊन मुलासाठी नोकरी सोडलेल्या आईचं मोल यात लाखांत जातं आणि दहावी नापास आईचं काही हजारांत. मुलाच्या तापाला मात्र आईची पदवी कळत नाही. दुसरी : लग्न ही भागीदारी समजायची आणि नवऱ्याच्या कमाईत बायकोचा अर्धा वाटा धरायचा. हे तत्त्व मला आवडतं, पण यातही बिगाऱ्याच्या बायकोचं दैव बिगाऱ्याच्या मजुरीलाच बांधलेलं राहतं. तिसरी : तिच्या जागी माणसं ठेवायची तर काय खर्च येईल? स्वयंपाकाला एक बाई, धुण्याभांड्याला दुसरी, बाळाला सांभाळायला तिसरी, आजीच्या उस्तवारीला चौथी, सगळ्यांच्या बाजारभावाची बेरीज. ऐकायला हीच सर्वांत न्याय्य वाटते आणि वकीलमंडळींनाही ही सोपी पडते.

पण तो बाजारभाव ठरतो कशावर? पोळ्यावाल्या बाईचा, मुलं सांभाळणाऱ्या मावशींचा दर कमी का, तर हे काम प्रत्येक घरातली बाई फुकट करतेच म्हणून. आणि घरच्या आईची किंमत कमी का, तर तिच्या जागी मावशी स्वस्तात मिळतात म्हणून. एकीचा कमी दर दुसरीच्या कमी दराचा पुरावा होतो.

अँजेला डेव्हिस यांनी १९८१ मध्ये ‘विमेन, रेस अँड क्लास’ या पुस्तकात वेतनवाल्या मैत्रिणींना नेमकं हेच सुनावलं होतं. घरकामाला पैसे मिळाले की बायका मोकळ्या होतील म्हणता? अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय बायका पिढ्यान् पिढ्या गोऱ्यांच्या घरी पैसे घेऊनच घरकाम करत आल्या, त्या कुठं मोकळ्या झाल्या? त्यांची स्वतःची लेकरं कोण सांभाळत होतं, हा प्रश्न त्यात होताच. पुण्यामुंबईत सकाळी सहाच्या लोकलनं किंवा पीएमपीनं येणाऱ्या, चार घरची कामं करून संध्याकाळी वस्तीत परतणाऱ्या बाईला हा मुद्दा पुस्तकातून शिकावा लागत नाही. तिच्या धाकट्याला दिवसभर थोरली सांभाळते आणि त्यापायी थोरलीची शाळा बुडते. महाराष्ट्रानं २००८ मध्ये घरेलू कामगारांसाठी कल्याण मंडळाचा कायदा केला खरा. पण कल्याण वेगळं आणि दर वेगळा. वर्गाचा आणि जातीचा प्रश्न बाजूला ठेवून आईपणाच्या श्रमांवर बोलणं हे सुस्थितीतल्या बायकांचं आपसांतलं बोलणं होतं. मी स्वतः त्यांच्यातलीच, तेव्हा हे सांगताना मान वर करण्यासारखं काही नाही.

न्यायालयाला ही बाजू अगदीच दिसली नाही असं नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं बजावलं की, गृहिणीचं मानीव उत्पन्न रोजंदारीवरच्या मजुरापेक्षाही कमी धरणं मान्य होण्यासारखं नाही. २०२१ च्या निकालानं आणखी एक गोष्ट पक्की केली. पुढे वाढत जाणाऱ्या उत्पन्नाची जी भर कमावत्या माणसाच्या दाव्यात घालतात, ती मानीव उत्पन्नालाही लागू आहे. तोवर उलट बाजूचा युक्तिवाद सोपा होता : गृहिणीला कसली आलीय पगारवाढ?

मग हिशेब जमतोय तर तो ती जिवंत असताना का होत नाही? कारण मेल्यावर पैसे विमा कंपनी देते आणि जिवंतपणी ते घरच्याच खिशातून जायचे असतात. हा माझा तर्क, पण मला तरी दुसरं कारण दिसत नाही.

जिवंतपणी दिल्याची उदाहरणं थोडी आहेत. जून २०२३ मध्ये मद्रास उच्च न्यायालयानं एका खटल्यात सांगितलं की, नवऱ्यानं परदेशी कमावून घेतलेल्या मालमत्तेत घर सांभाळणाऱ्या बायकोचाही वाटा आहे, कारण ती घर पाहत होती म्हणूनच तो कमवू शकला. आपल्या मराठी मुलखात न्यायालयाच्या कितीतरी आधी, शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं ‘लक्ष्मीमुक्ती’चा कार्यक्रम घेतला होता. १९८६ च्या चांदवडच्या महिला अधिवेशनानंतर काही वर्षांनी. शेतकऱ्यानं आपल्या जमिनीचा तुकडा बायकोच्या नावावर करायचा, आणि तो दान म्हणून नाही, तिच्या श्रमांचं थकलेलं देणं म्हणून. ज्या गावात शंभर जणांनी असं केलं ते गाव लक्ष्मीमुक्त. यातले किती सातबारे पुढे तिच्याच ताब्यात राहिले हा स्वतंत्र विषय आहे. पण देणं आहे हे भर सभेत कबूल करणं हीच त्या काळात मोठी गोष्ट होती. २०२४ पासूनच्या ‘लाडकी बहीण’च्या दरमहा १,५०० रुपयांची तुलना अनेक जण याच्याशी करतात. मला ती पटत नाही. हातात येणारे पैसे बायकांच्या उपयोगी पडतात, त्यांना नाक मुरडण्याचा अधिकार मला नाही. पण ते कौटुंबिक उत्पन्नाची मर्यादा पाहून मिळतात, काम पाहून नाही. देणारा भाऊ होतो, देणेकरी होत नाही.

आता त्या साठीच्या पुढच्या बाईकडे. आई अपघातात गेली की मुलांच्या वाट्याची रक्कम न्यायाधिकरण सहसा ती सज्ञान होईपर्यंत बँकेत मुदत ठेवीत टाकायला सांगतं, आणि ते योग्यच आहे. पण दुसऱ्या दिवशी सकाळी त्या मुलांच्या वेण्या कोण घालतं? डबा, लसीचं कार्ड, शाळेची सभा, रात्रीचा खोकला? बहुतेक घरांत आजी. जिची गुडघेदुखी सुरू झालेली, जिचं स्वतःचं बाळंतपण-पोरंबाळं तीस वर्षांपूर्वी उरकलेलं. आईच्या श्रमांची किंमत म्हणून जी रक्कम मंजूर होते, ती गेलेल्या बाईच्या श्रमांची. ते श्रम आता जिच्या अंगावर पडले, तिच्यासाठी निकालपत्रात वेगळा रकाना नसतो. तिला द्यायचंच झालं तर ती अवलंबून असलेली नातेवाईक म्हणून, मुलं वाढवणारी म्हणून नाही. आणि उद्या हीच आजी रस्ता ओलांडताना गेली, तर विमा कंपनीचा वकील तिच्या वयाचा दाखला पुढे करून म्हणेल की, या वयात त्यांची घराला अशी काय मदत होती?

(पुढील लेखांकात : सरकार स्वतःच जेव्हा सांभाळणाऱ्या बायका नेमतं, तेव्हा काय होतं. अंगणवाडीची गोष्ट.)