लातूर रोड आणि लामजना पाटी

उदगीरकडून आगगाडीने येणारे मूल स्थानकावरील पिवळ्या फलकावर ‘लातूर रोड’ ही अक्षरे वाचते आणि लातूर आले असे समजून उठून उभे राहते. वास्तविक लातूर शहर तेथून सुमारे तीस किलोमीटर दूर आहे, आणि लातूर रोड ही चाकूर तालुक्यातील एक लहानशी वस्ती आहे. मुलाची ही चूक शिक्षकाने हसण्यावारी नेऊ नये. एका चांगल्या पाठाची सुरुवात तिच्यातूनच करता येते.

लोहमार्ग आखताना चढ-उतार, नद्या आणि खर्च यांचा विचार प्रथम होतो. त्यामुळे पुष्कळदा मोठे गाव बाजूस राहते. अशा वेळी त्या गावाकडे जाणारी सडक जेथे रुळांस मिळते, तेथे स्थानक बांधीत व गावाच्या नावापुढे ‘रोड’ हा शब्द जोडीत. ‘येथे उतरा, गाव पुढे आहे’ एवढाच त्याचा अर्थ. नाशिक रोड हे याच रीतीचे नाव होय.

आज ज्याला आपण कुर्डुवाडी म्हणतो त्या स्थानकाचे जुने नाव बार्शी रोड होते. मुंबई-सोलापूर मार्ग तेथून गेला. बार्शीची पेठ मात्र सुमारे पस्तीस किलोमीटर अंतरावर राहिली. ही उणीव भरून काढण्यासाठी १८९७ साली बार्शी लाइट रेल्वेचा अडीच फूट रुंदीचा अरुंद मार्ग सुरू झाला आणि १९११ साली तो लातूरपर्यंत पोहोचला. अरुंद रुळावरील डबा रुंद रुळावर चालत नाही. म्हणून मराठवाड्यातून आलेला माल बार्शी रोडला उतरवून हमालांच्या पाठीवरून दुसऱ्या गाडीत चढवावा लागे. या अडचणीतच तेथील वस्तीचे पोट होते. हमाल आले, गुदामे आली, इंजिने व डबे दुरुस्त करणारा कारखाना आला. त्यांच्या मागून खाणावळी आल्या. २००७ व २००८ या वर्षांत लातूर ते कुर्डुवाडी मार्ग रुंद झाला आणि माल उतरविण्याचे कारण उरले नाही. याच रुंद मार्गाने एप्रिल २०१६ मध्ये मिरजेचे पाणी आगगाडीने तहानलेल्या लातुरास आले. जुना मार्ग राहिला असता तर ते पाणीही वाटेत उतरवून घ्यावे लागले असते.

मग लातूर रोड लहान का राहिले? तेथे तर परळी-विकाराबाद मार्गास लातूरचा मार्ग मिळतो. आमच्या मते याचे उत्तर असे, की तेथे गाडी बदलणारा प्रवासी चहा घेतो, फलाटावर तास-दोन तास काढतो आणि निघून जातो. धान्याची आडत लातूरला, शेतकऱ्याची गाडी लातूरला, विद्यार्थीही लातूरला. किती गाड्या जातात यावर वस्ती वाढत नाही. कोण थांबते आणि कशासाठी थांबते, यावर वाढते.

याचे टोकाचे उदाहरण ऑस्ट्रेलियात सापडते. तेथील नलारबोर नावाच्या वृक्षहीन मैदानातून १९१७ साली लोहमार्ग पूर्ण झाला. त्याचा ४७८ किलोमीटरांचा एक तुकडा अगदी सरळ आहे. वाफेच्या इंजिनास पाणी व कोळसा वरचेवर लागे, म्हणून वाटेत वस्त्या वसविल्या. त्यांना किराणा व मांस पुरविणाऱ्या गाडीस लोक ‘चहा-साखर गाडी’ म्हणत. कुक या वस्तीत शाळा होती, रुग्णालय होते. १९५१ पासून त्या मार्गावर डिझेल इंजिने आली. त्यांना पाण्यासाठी थांबण्याची गरज नव्हती. १९९६ मध्ये चहा-साखर गाडी बंद झाली, आणि पुढच्याच वर्षी रेल्वे खासगी मालकांकडे गेल्यावर कुक जवळजवळ ओस पडले. गाड्या आजही तेथून जातात.

निलंग्यास लोहमार्ग नाही. परंतु आपल्याकडे रुळांवरील ‘रोड’चे काम सडकेवर ‘पाटी’ करते. औशाहून निलंग्याकडे येताना लागणारी लामजना पाटी शिक्षकांच्या परिचयाची असेलच. गाव आत, नावाची पाटी हमरस्त्यावर, आणि पाटीभोवती चहाची टपरी, पंक्चरचे दुकान, एस.टी.ची वाट पाहणारी माणसे. (वर्गातील पाटी आणि ही पाटी यांतील गंमत मुले स्वतःच काढतील.) हमरस्ता रुंद झाला किंवा वळणरस्ता निघाला, की अशा ठिकाणची टपरी हलते. टपरीवाल्याचे मूल वर्षाच्या मध्येच गैरहजर राहू लागते आणि हजेरीपटावर त्याच्या नावापुढे रिकामे चौकोन वाढत जातात. ते मूल अनियमित आहे असा शेरा मारण्यापूर्वी रस्त्याकडे एकदा पाहावे.

तिसरीच्या वर्गात जिल्ह्याचा परिसर शिकविताना मुलांस जवळच्या पाटीवर एक तास न्यावे. वहीत दोन रकाने पाडावेत : गेलेली वाहने व थांबलेली वाहने. थांबलेल्या प्रत्येक वाहनापुढे कारण लिहावे. बाजारच्या दिवशी हीच मोजणी पुन्हा करावी, म्हणजे आकडे बदललेले दिसतील. तेथील वृद्ध दुकानदारास, ‘तुम्ही येथे आलात तेव्हा काय होते?’ हा प्रश्न मुलांनीच विचारावा. मुलांस सडकेच्या चरापलीकडे बसवावे, आणि एक शिक्षक पूर्ण वेळ त्यांच्या व रस्त्याच्या मध्ये उभा असावा.