कार्डावर 'ओ', रक्तात 'बॉम्बे' : दुर्मिळ आजार ओळखायचा कसा?

कॉलेजात रक्तदान शिबिर झालं की बिस्किटाचा पुडा, सर्टिफिकेट आणि रक्तगटाचं कार्ड मिळतं. कार्ड पाकिटात जातं आणि आपण आयुष्यभर 'ओ पॉझिटिव्ह' म्हणून सांगत फिरतो. पण कार्डावरचा 'ओ' खरोखरच 'ओ' असतो का?

हा प्रश्न १९५२ साली मुंबईत उभा राहिला. डॉ. वाय. एम. भेंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांना असं रक्त आढळलं, की जे नेहमीच्या तपासणीत 'ओ' दिसायचं, पण त्याला 'ओ' गटाचं रक्तसुद्धा चालत नव्हतं. त्याच वर्षी 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात ही माहिती छापून आली. पुढे या गटाला नाव पडलं 'बॉम्बे ब्लड ग्रुप'.

आपल्या भाषेत सांगायचं तर तांबड्या पेशीवर 'एच' नावाचा पाया असतो. त्यावर 'ए' किंवा 'बी'चा मजला चढतो. मजला नाही, नुसता पाया आहे, तो झाला 'ओ'. आणि 'बॉम्बे' गटात पायाच नसतो! साधी तपासणी फक्त मजले मोजते. मजला दिसला नाही की लिहिलं 'ओ'. अशा माणसाला 'ओ' रक्त चढवलं तर त्याचं शरीर त्यातल्या 'एच'वर हल्ला करतं आणि जिवावर बेतू शकतं. म्हणूनच रक्तपेढीत उलटी तपासणीही करतात. माणसाचा सीरम 'ओ' पेशींबरोबर मिसळतात. गुठळ्या झाल्या की संशय पक्का! भारतात असे लोक साधारण १०,०००मध्ये १ आहेत.

'बॉम्बे' गट हा काही आजार नव्हे. पण दुर्मिळ आजार का सापडत नाहीत, हे त्यातून छान कळतं. तपासणी खोटं बोलली नव्हती. तिला जेवढं विचारलं, तेवढंच तिनं सांगितलं.

आता विल्सनचा आजार घ्या. १९१२ साली डॉ. विल्सन यांनी त्याचं वर्णन केलं. यात शरीराला जादा तांबं बाहेर टाकता येत नाही. ते आधी यकृतात आणि मग मेंदूत साचतं. समजा, लातूरला बारावीसाठी खोली करून राहिलेला एक मुलगा आहे. त्याला कावीळ होते. गावाकडं झाडपाल्याचं औषध देतात. थोडं बरं वाटतं, विषय संपला! वर्षभरानं अक्षर बिघडतं, हात थरथरतो, चिडचिड वाढते. कुणी म्हणतं अभ्यासाचं टेन्शन, कुणी म्हणतं 'बाहेरचं' काहीतरी. प्रत्येक उत्तर पटण्यासारखं, पण कावीळ आणि थरथर एकत्र मांडून कुणी बघतच नाही.

खरं तर मेंदूवर परिणाम झालेल्या बहुतेक रुग्णांच्या बुबुळाच्या कडेला तांब्याचं तपकिरी कडं दिसतं. डोळ्यांच्या डॉक्टरकडच्या स्लिट लॅम्पवर ते बघता येतं. नांदेड-लातूरच्या माणसाला त्यासाठी मुंबई गाठायची गरज नाही. नुसतं यकृत बिघडलं असेल तर कडं नसूही शकतं. मग रक्तातलं सेरुलोप्लाझमिन आणि २४ तासांच्या लघवीतलं तांबं तपासतात. वेळेत निदान झालं तर गोळ्यांवर माणूस जवळपास सर्वांसारखं आयुष्य जगतो. उशीर झाला तर यकृत आणि मेंदूचं नुकसान पूर्ण भरून येईलच असं नाही.

तुम्ही म्हणाल, मग सगळ्यांचीच तपासणी का करत नाहीत? एम-थ्रीमधली प्रोबॅबिलिटी आठवा! आजार १०,०००मध्ये १ आणि टेस्ट ९९ टक्के अचूक धरू. १० लाख लोक तपासले तर १०० रुग्णांपैकी ९९ सापडतील, पण ९,९९९ निरोगी माणसंही 'रुग्ण' ठरतील. म्हणून डॉक्टर आधी नेहमीचाच आजार धरतात, आणि ते बरोबरच आहे. चूक होते ती पुढं. औषधानं गुण येत नाही, लक्षणं बसत नाहीत, तरी पहिलंच उत्तर धरून ठेवलं जातं. प्रॅक्टिकलला रीडिंग जुळलं नाही की आपण 'ऑब्झर्वेशनल एरर' लिहून मोकळे होतो ना? अगदी तसंच!

आणखी एक गोष्ट आपल्या घरातली. 'बॉम्बे' गट काय किंवा विल्सन काय, आई आणि वडील दोघांकडूनही सदोष जनुक आलं तरच ते दिसतात. आईवडील स्वतः ठणठणीत असतात, पण प्रत्येक मुलाला धोका २५ टक्के. आपल्याकडं मामाच्या मुलीशी लग्न सर्रास होतं. सख्ख्या आते-मामे भावंडांत सरासरी १/८ जनुकं सारखी असतात, म्हणून अशा जोड्या जुळण्याची शक्यता वाढते. घरात एकाला विल्सन निघाला तर बाकीच्या भावंडांचीही तपासणी करायलाच हवी, लक्षणं नसली तरी.

२०२१ साली केंद्र सरकारनं दुर्मिळ आजारांचं राष्ट्रीय धोरण आणलं. त्यात मुंबईचं के.ई.एम. हे एक विशेष केंद्र आहे. धोरणाच्या यादीतल्या आजारांसाठी अशा केंद्रांत ५० लाख रुपयांपर्यंत मदतीची तरतूद आहे. पण आजाराचं नावच कळलं नसेल तर यादीत शोधणार काय?

तेव्हा एवढं तरी करू या. घरातल्या आजारी माणसाचे जुने रिपोर्ट फेकू नका, तारखेप्रमाणे एका फाइलमध्ये लावा. नात्यात कुणाला काय झालं होतं, ते न लाजता सांगा. आणि गुण येत नसेल तर डॉक्टरांना नम्रपणे विचारा, "डॉक्टरसाहेब, यातलं काय बसत नाहीये?" जर्नल कम्प्लीट करायची सवय आपल्याला आहेच. एक जर्नल घरच्यांसाठी!