नदीपलीकडे नेलेला देव

नार्व्याचं सप्तकोटीश्वराचं देऊळ पहिल्यांदा पाहणारा जरा थबकतो. उंच शिखर नाही. उतरतं कौलारू छप्पर, गाभाऱ्यावर घुमट, अंगणात दीपमाळ. भोवती दाट झाडी. गोव्याच्या कदंब राजांचं हे दैवत. त्याच्या वरप्रसादाचं बिरुद ते अभिमानाने मिरवत.

मूळ देऊळ समोरच्या दिवाडी बेटावरचं. 14व्या शतकात बहमनी फौजांनी ते मोडलं, विजयनगरच्या माधवमंत्र्याने पुन्हा देवाची स्थापना केली, 16व्या शतकात पोर्तुगीजांनी तेही पाडलं. इतकं बहुतेकांना ठाऊक असतं. मला धरून ठेवलं ते पुढच्या गोष्टीने. पाडापाडीनंतर देवळातलं शिवलिंग विहिरीवर पाणी ओढायच्या कामी लावलं होतं, असं सांगतात. भाविकांनी ते तिथून सोडवलं आणि नदी ओलांडून डिचोलीच्या बाजूला आणलं. तिथे तेव्हा पोर्तुगीजांची सत्ता नव्हती. देवळाच्या पायरीवर बसलेले एक आजोबा हे सांगताना हात हलवून होडी वल्हवत होते. ‘रात्रीचंच आणलं असणार. दिवसा कोण आणू देतंय?’ घरातल्या थोरल्यांनी केलेलं काम सांगावं, असा त्यांचा सूर होता.

असं हललेलं हे एकच दैवत नाही. कुठ्ठाळीचा मंगेश प्रियोळला गेला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला, दिवाडीचा गणपती खांडोळ्याला. मूळ गाव सुटलं, तरी कुळांनी त्याचं नाव सोडलं नाही. गोव्याची स्मृती टिकली ती आधी या माणसांमुळे, दगडचुन्याचं काम नंतरचं. नार्व्यात ते शिवाजी महाराजांनी करवलं. शके 1590, म्हणजे 1668च्या कार्तिकात त्यांच्या आज्ञेने काम सुरू झाल्याचा शिलालेख दारावर आहे. तो सावकाश वाचावा.

2023मध्ये जीर्णोद्धार पूर्ण झाला आणि देऊळ पुन्हा देखणं झालं, याचा आनंद आहेच. पण गाड्या इथपर्यंत येतात, फोटो काढून होतात आणि माघारी वळतात. फेरीबोटीने पलीकडे जाऊन दिवाडीचं कोटीतीर्थ पाहणारे थोडेच. देव जिथून उचलावा लागला, ती जागा पाहिल्याशिवाय नार्व्याचं देऊळ अर्धंच कळतं. शाळांच्या सहली येतात, तेव्हा शिक्षकांनी मुलांना आधी दिवाडीला न्यावं आणि मग बोटीने इकडे आणावं. ज्या पाण्यावरून देव आला, त्याच पाण्यावरून मुलांनाही येऊ द्यावं.