रिलेपासून लॅडरपर्यंत : पीएलसीचा मागोवा

1968 साली अमेरिकेतल्या जनरल मोटर्सच्या हायड्रामॅटिक विभागाला रिलेंचा, म्हणजे विजेने उघडझाप होणाऱ्या स्विचांचा, वीट आला होता. गाडीचं मॉडेल बदललं की यंत्रांच्या कामाचा क्रम बदलायचा आणि रिलेंनी गच्च भरलेल्या पॅनेलचं वायरिंग नव्याने करावं लागायचं. धूळ आणि उष्णता सोसणारा, कारखान्यातल्याच माणसांना हाताळता येईल असा नियंत्रक त्यांना हवा होता. मॅसॅच्युसेट्सच्या बेडफर्ड असोसिएट्समधल्या डिक मॉर्ली आणि सहकाऱ्यांनी 1969 मध्ये तो दिला. कंपनीचा चौऱ्याऐंशीवा प्रकल्प, म्हणून नाव ‘मॉडिकॉन 084’. अशा नियंत्रकालाच प्रोग्रॅमेबल लॉजिक कंट्रोलर, म्हणजे पीएलसी, म्हणतात.

या यंत्राने वायरमनला परकं केलं नाही, हे मला फार मोलाचं वाटतं. तो वर्षानुवर्षं वाचत आलेली रिलेची शिडीसारखी आकृतीच लॅडर लॉजिक या नावाने प्रोग्रॅमची भाषा झाली. पुढे 1979 मध्ये मॉडबस ही संवादपद्धत आली आणि नियंत्रकांना आपसांत बोलणं सोपं झालं. 1993 च्या आंतरराष्ट्रीय मानकाने प्रोग्रॅमिंगच्या पाच पद्धती ठरवल्या. त्यातही लॅडरने आपली जागा राखली. 2010 मध्ये उघडकीस आलेल्या स्टक्सनेट या घातक सॉफ्टवेअरने पीएलसीवरही हल्ला होऊ शकतो, हे जगाला दाखवलं.

एवढं सगळं बदललं, पण पाया तोच आहे. पीएलसी आधी इनपुट वाचतो, मग प्रोग्रॅम वरून खाली सोडवतो, मग आउटपुट बदलतो. काही मिलिसेकंदांत हे चक्र पुन्हा सुरू.

शिकणारा अडखळतो तो मोटरच्या साध्या स्टार्ट-स्टॉपपाशी. स्टॉप बटण एनसी (एरवी मिटलेलं) जोडलेलं, मग लॅडरमध्ये त्याचा कॉन्टॅक्ट एनओ (एरवी उघडा) का? कारण बटण दाबलेलं नसताना इनपुटला 24 व्होल्ट मिळत असतात, म्हणून तो कॉन्टॅक्ट मिटलेला राहतो. बटण दाबलं किंवा त्याची वायर तुटली, की व्होल्टेज जातं आणि मोटर थांबते. स्टार्टला समांतर दिलेल्या होल्डिंग कॉन्टॅक्टमुळे बटण सोडल्यावरही मोटर चालू राहते. पण वीज जाऊन आली तर आपोआप सुरू होत नाही. माणसाचा हात यंत्रात असू शकतो, हा विचार लॅडरच्या त्या एका ओळीत आहे.

आयटीआय आणि डिप्लोमाच्या मुलांना म्हणूनच सांगणं आहे : सॉफ्टवेअर उघडण्याआधी स्टार्ट-स्टॉपची ही आकृती कागदावर काढा, एक रिले हाताने जोडून पाहा. कंपनी बदलली की सॉफ्टवेअर बदलेल. हे शिकलेलं मात्र प्रत्येक पॅनेलसमोर कामी येईल.