आजोबांची वही आणि आमचे लेजर

गावी आमचे लहानसे किराणा दुकान आहे. दिवाळीच्या सुटीत आजोबांनी लक्ष्मीपूजनाची नवी लाल वही माझ्यापुढे ठेवली, आणि बी.कॉम.चा तोरा पहिल्याच पानावर उतरला.

कॉलेजात आपण खात्याची डावी बाजू नावे, उजवी जमा असे शिकतो. वहीत नेमके उलट: डावीकडे जमा, उजवीकडे नावे. मात्र कीर्दीवरून खतावणी आणि खतावणीवरून बाकी, हा क्रम तोच. (जमा, खर्च, बाकी हे शब्द आपल्या कानडी मित्रांच्या हिशेबातही तेच. मूळचे अरबी!)

खरा वाद वर्षाचा. पूर्वी व्यापाऱ्याला आयकरासाठीही दिवाळी ते दिवाळी वर्ष धरता येई. १९८९-९० या आकारणी वर्षापासून ३१ मार्च सर्वांनाच लागू झाला. वडील त्याप्रमाणे मार्चअखेर हिशेब पुरा करतात. उधारीची ती यादी चाळून मी म्हणालो, "ही खाती बुडीत धरू आणि उधार बंद करू."

"आपल्याकडं भात दिवाळीच्या पुढंमागं कापतात. मार्चात कुळवाड्याच्या हातात काय असतंय, बाळ?" म्हणत आजोबांनी गेल्या वर्षीची खतावणी काढली. मार्चला थकलेली बहुतेक नावे मळणीनंतर चुकती झाली होती.

वडिलांचेही खोटे नाही. घाऊक व्यापारी मळणीपर्यंत थांबत नाही, त्याला महिन्यात पैसे लागतात. ती ओढाताण कोणत्याच वहीत लिहिलेली नसते.

उधार बंद करण्याचे यंदापुरते राहिले. पाडव्याला नवी वही मीच लिहिली, डावीकडे जमा.